एकवीस देश आणि आमचा टोप

५ फेब्रुवारी, गुरुवार
दिनूचा नवा व्हिडिओ आला. चार वाजता शेजारची सुलू आली. फोन साखरेच्या डब्याला टेकवून ठेवला आणि दोघींनी चहा घेत बघितला. विषय युरोच्या नोटा. नोटेवर पूल छापलाय, पण तो पूल कुठल्याच देशातला नाही. चित्रकाराने मनाने काढला. एका देशाचा खरा पूल घेतला तर बाकीचे रुसतील म्हणून. म्हणजे तिकडेही माणसं आमच्यासारखीच.

सुलू म्हणाली, "वयनी, दिनू सुकला गो."

"सुकला नाय, टकला झाला. डोकं मोठं दिसतं म्हणून बाकीचा सुकल्यासारखा वाटतो."

हसताना तिच्या नाकात चहा गेला.

माझा मुलगा जर्मनीत कॉलेजात पैशाचं शास्त्र शिकवतो आणि इकडच्या लोकांना मराठीतून युरो समजावतो. लोकांना महिन्यातून दोनदा. आईला फोन महिन्यातून एकदा. लोक जास्त ढ असतील.

९ फेब्रु., सोमवार
सकाळी कुळीथ झोडले. सुलूने निम्मं काम केलं आणि कुळीथ नको म्हणाली. पदरात घातले जबरदस्तीने.

चहाबरोबर जुनाच व्हिडिओ. तिकडची मोठी बँक म्हणते, भाव वर्षाला शंभराचे एकशे दोन व्हावेत. जास्त नको, कमीही नको. मी दिनूला मागे विचारलं होतं, शंभराचे शंभरच का नकोत? तर म्हणे भाव उतरायला लागले की लोक आज घ्यायचं ते उद्यावर टाकतात, कारखाने थांबतात. मीठ संपलं तर मी कधी उद्यावर टाकलं नाही. सुलू म्हणाली, "आपण कारखाने चालवत नाय म्हणून." तिसरीपर्यंत शाळा, पण डोकं आहे. माझी चौथी.

जाताना दोन कळश्या भरून घेऊन गेली. तिच्या नळाच्या पाण्याला औषधाचा वास येतो, म्हणून प्यायचं पाणी आमच्या विहिरीचं. किती वर्षं झाली ते आठवत नाही.

१४ फेब्रु., शनिवार
दि.चा फोन. शिमग्याला येत नाही. ईराची परीक्षा. ईरा म्हणजे नात, तिच्या परीक्षा बारा महिने चालू असतात.

म्हणाला, "आई, पुढच्या वेळी आपल्या वाडीची गोष्ट सांगणार आहे. लोकांना अशी उदाहरणं आवडतात."

कुठली गोष्ट म्हणून विचारलं. "वाडीच्या भांड्यांची. बघच तू." मग त्याला दुसरा फोन आला.

तेव्हाच त्याला परत फोन लावायचा होता. लावला नाही. वालाच्या शेंगा सोलत बसले.

१९ फेब्रु., गुरुवार
व्हिडिओ आला. सुलू सावर्ड्याला भाचीकडे गेली आहे, म्हणून एकटीने बघितला. दोनदा.

सुरुवात चांगली होती. बल्गेरिया नावाचा देश या वर्षी युरोत आला, आता एकवीस झाले. त्या देशाने काय मिळवलं आणि काय सोडलं, ते सांगायला आमची भांडी. आमच्या वाडीत पूर्वी लग्नकार्याची भांडी सगळ्यांची मिळून होती. हंडे, पराती, टोप, झारे. मुंबईच्या मंडळाने घेतलेली, देवळाच्या मागल्या खोलीत ठेवलेली. नियम मुंबईवाले करायचे, किल्ली गावात एका घरी. दि. म्हणाला, तिकडची मोठी बँक म्हणजे तो किल्लीवाला. ज्या देशाने आपली भांडी मोडून यात घातली त्याला आता मनाला येईल तेव्हा स्वैपाक करता येणार नाही. आणि जाळ सगळ्यांना एकच. व्याजाचा दर म्हणजे जाळ. कुणाचा भात करपतो, कुणाचा कच्चा राहतो, पण चूल एक म्हणून जाळ एक. मला पहिल्यांदाच सगळं कळलं. बरं सांगतो मेला.

मग म्हणाला, युरोत शिरायचे नियम ढीगभर आहेत, सोडून जायचा नियमच कुणी लिहिलेला नाही. आमच्या वाडीतही नव्हता. म्हणून वाडी फुटली तेव्हा काय झालं? गणपत म्हणून एक गृहस्थ होते, किल्ली त्यांच्याकडे होती, त्यांनी सगळ्यात मोठा टोप वाटणीआधीच घरी नेला. आणि हसला. किल्लीवाल्यावरचा विश्वास गेला की चलन संपलं, म्हणाला.

गणपत म्हणजे सुलूचा नवरा. जाऊन अकरा वर्षं झाली.

देवा, सावर्ड्याला रेंज नसू दे.

२३ फेब्रु., सोमवार
रेंज होती. रेंज नसती तरी उपयोग नव्हता, तिच्या मुलाने मुंबईहून पाठवला. मुंबईच्या मंडळाच्या ग्रुपवर सगळ्यांनी बघितला म्हणे.

चारला आली, पण आत आली नाही. पडवीच्या पायरीवर उभी राहिली. फोन माझ्यापुढे धरला, सगळा व्हिडिओ ऐकवला. मला वाटलं शिव्या देईल. दिल्या असत्या तर बरं झालं असतं, मी उलट दिल्या असत्या.

म्हणाली, "वयनी, तुला एक सांगते. हे मरेपर्यंत मला सांगत होते, मी टोप घेतला नाय. मी व्हय व्हय म्हणायची. मनातून एक दिवस पटलं नाय. माणूस गेला आणि मला अजून ठाऊक नाय मी कुणाबरोबर संसार केला. तुझ्या दिनूला कसं काय ठाऊक?"

मी म्हटलं, बस, चहा टाकते.

"नको," म्हणाली. कळश्या आणल्याच नव्हत्या.

२४ फेब्रु.
सु. आली नाही.

२५ फेब्रु.
नाही. चहा एकटीपुरता टाकायची सवय मोडली आहे, दोघींचा होतो. उरलेला केळीच्या बुंध्यात ओतला.

२६ फेब्रु., गुरुवार
ही वही ईराने पाठवली, वर फुलं आणि आत कोरे कागद. आजी, काहीतरी लिही, म्हणाली. आता खरं काय ते लिहिते. कुणाला वाचायची तर वाचा मी गेल्यावर.

टोप आमच्या ह्यांनी घेतला.

दिनू तेव्हा आठेक वर्षांचा. दोन घरची लग्नं एका दिवशी आली, भांडी आधी कुणाला यावरून रण पेटलं आणि वाडी वरची आणि खालची झाली. वाटणी करायची ठरलं. हे देवाचे मानकरी. वाडी फुटली तर आमच्या घराची लाज जाते, असं ह्यांना वाटायचं. मोठा टोप दोघांत तोडता येत नाही. तो जागेवर नसला तर वाटणीच होणार नाही, बसतील परत सगळे एका सतरंजीवर, असं डोक्यात आलं. गणपतभावजींकडून किल्ली मागून घेतली, देवळातली सतरंजी पूजेला हवी म्हणून. भर दुपार, वाडी भाताच्या लावणीला गेलेली. मी तापाने घरात. ह्यांनी टोप डोक्यावर उलटा घेतला, मागल्या परसवातून आले आणि आमच्या विहिरीत सोडला. केवढा आवाज आला. उठून दारात गेले तर हे काठावर उभे. म्हणाले, "दोन दिवसांत काढतो."

दोन दिवसांत वाडीने चोर ठरवला. किल्ली गणपतभावजींकडे होती. ते ओरडून सांगत होते, मी किल्ली दिली होती. हे म्हणाले, सतरंजीपुरती घेतली आणि परत केली. खोटं एवढंसंच. हे मानकरी आणि भावजी संध्याकाळी घोट घेणारे. वाडीने कुणाचं ऐकावं?

त्यांना वाळीत टाकलं. तीन शिमगे पालखी त्यांच्या दारच्या खळ्यात थांबली नाही. सुलू दगडी गडग्याआड उभी राहून लांबून हात जोडायची, कडेवर पोर.

हे कधी बोलले नाहीत. मीही नाही.

२७ फेब्रु.
कालचं वाचलं. एक राहिलं. एका उन्हाळ्यात पाणी एवढं उतरलं की टोपाचा काठ दिसायला लागला. हिरवा पडलेला. त्या दिवशी मी त्यावर चार घमेली माती लोटली. सुलू पाणी भरायला यायच्या आत. टाकला ह्यांनी, पुरला मी.

तेव्हापासून विहीर उपसू दिली नाही. सगळे म्हणतात काकीच्या विहिरीचं पाणी गोड, पण बाई हट्टी.

४ मार्च, बुधवार
शिमगा. होम लागला. लांबून ढोल ऐकले. गुडघ्याने जाववत नाही, दरवर्षी सुलूचा हात धरून जाते.

८ मार्च, रविवार
पालखी आली. खळं कालच एकटीने सारवलं, निम्मं वाळलं, निम्मं ओलं. आरतीचं ताट, नारळ, ओटी, सगळं एकटीने. काडी तीनदा विझली. हे गेल्यापासून ताट सुलू धरते आणि मी ओवाळते.

मुंबईची मंडळी पालखीबरोबर होती. एकजण चांगला चाळिशीचा, पाया पडून म्हणतो, "काकी, दिनूदादाचा व्हिडिओ बघितला. गणपतकाकांना बरोबर धुतलं." बाकीचे हसले. मी म्हटलं, "तू तेव्हा चड्डीत मुतत होतास. तुला काय ठाऊक." त्यांना वाटलं म्हातारी गंमत करते.

गाऱ्हाणं घालताना गुरवाने नेहमीप्रमाणे माझ्या घरासाठी मागणं मागितलं. लेकाची भरभराट होऊ दे, जे काय चुकलंमाकलं असेल ते पोटात घे. सगळे "व्हय महाराजा" म्हणाले. मी म्हटलं नाही.

मग पालखी सुलूच्या खळ्यात गेली. इकडून बघितलं. तिचा मुलगा आला नव्हता. ताट एका हातात, ओटी एका हातात. काडी तिच्यानेही लागत नव्हती.

११ मार्च
सु. आली नाही. पाणी आता वरच्या बोअरवेलचं आणते. एवढा चढ, दोन कळश्या. माझ्या गडग्यापाशी आली की मान दुसरीकडे करते.

१५ मार्च, रविवार
दि.ला मीच फोन लावला. दचकला, कोण आजारी म्हणून. कुणी नाही, म्हटलं, तू गणपतभावजींवर बोललास ते मागे घे.

म्हणाला, "आई, ते फक्त उदाहरण होतं. नाव कापून टाकतो. पाच मिनिटांचं काम आहे."

"ज्यांनी ऐकलं त्यांच्या कानातून कसं कापशील?"

म्हणाला, पण गोष्ट खरी आहे ना. बाबांनी मला किती वेळा सांगितली.

ती गोष्ट हे सांगायचे तेव्हा मी चुलीपाशी असायचे. दि. जेवताना विचारायचा, मोठा टोप कुठे गेला, आणि हे म्हणायचे, गणपतने नेला. आधी दबकत म्हणायचे. नंतर नंतर मजेत. मला वाटतं शेवटी त्यांना तेच खरं वाटायला लागलं होतं.

मी त्याला सगळं सांगितलं. किल्ली, दुपार, विहीर. माती पण.

त्याने पहिलं हेच विचारलं.

"मग तू तेव्हा का बोलली नाहीस?"

"तू बापाचं तोंड बघत जेवत होतास म्हणून."

नंतर करतो म्हणाला.

१९ मार्च, गुरुवार
पाडवा. गुढी उभारली, काठी तिरकी राहिली. कुणी सरळ करायला नाही. तिरकी तर तिरकी.

सु.च्या घरून पुरणाचा वास. दरवर्षी दोन पोळ्या येतात.

आल्या नाहीत.

२२ मार्च
दि.चा फोन नाही.

२५ मार्च
काजू गोळा केले. पाठ गेली. बोलायला कुणी नसलं की दिवस लांब होतो असं म्हणतात. खोटं. दिवस तेवढाच, पण आपण एकट्या त्याच्या सगळ्या टोकांना दिसतो. आज कोंबडीशी बोलले. तिने ऐकून घेतलं, उत्तर दिलं नाही. सुलूपेक्षा बरी.

नाही, बरी नाही.

२ एप्रिल, गुरुवार
नवा व्हिडिओ. शेवटपर्यंत बघितला, आता सांगेल, मग सांगेल. विषय, मोठी बँक बोलते कशी. तिकडे म्हणे बँकेची बाई पेपरवाल्यांपुढे बसते आणि एकेक शब्द मोजून बोलते. तिने नुसतं "बघू" म्हटलं तरी एकवीस देशांत व्याज हलतं. दि. म्हणाला, नोट म्हणजे कागद, त्यामागे सोनं नाही, चांदी नाही. त्यामागे फक्त दिलेला शब्द आहे. शब्द एकदा फिरला की परत बसायला वर्षं जातात, म्हणून बँकेने चूक केली तर स्वतः तोंडाने सांगावी, दुसऱ्याने सांगण्याआधी.

हे बोलताना कुठे बघत होता देव जाणे. टोपाबद्दल अवाक्षर नाही.

जुना व्हिडिओ शोधला. काढून टाकलाय. काढला म्हणजे सांगितलं नव्हे.

१० एप्रिल, शुक्रवार
दि.चा लांब मेसेज. वाचायला अर्धा तास. जोडाक्षरं फार. सार असं: आई, मी तुला खोटी म्हणत नाही. पण चाळीस वर्षं झाली, आठवण फसवते, तू तापात होतीस. बाबांना स्वतःची बाजू मांडता येत नाही. ज्याला पुरावा नाही असं मी लोकांपुढे कसं बोलू?

गणपतभावजींबद्दल बोलताना कुठला पुरावा होता? त्यांना तरी कुठे बाजू मांडता येते?

हेच उलट लिहायला घेतलं. बोटाने अक्षरं शोधत. "दोघंही मेलेत. एकाचंच नाव कसं घेतलंस" एवढंच गेलं.

त्याने वाचल्याच्या दोन निळ्या रेघा आल्या. उत्तर नाही.

एक खरं सांगायचं तर मलाही भीती वाटते. ताप होता. आवाज ऐकला, पण टोप पाण्यात पडताना बघितला नाही. नंतर काठ दिसला तो टोपाचाच होता ना? की फुटक्या हंड्याचा? ह्यांनी मधे कधी काढून विकला असेल तर? इतकी वर्षं खात्री होती, आणि दि.ने एक प्रश्न काय विचारला. शिकलेला मुलगा म्हणजे घरात वकील.

१८ एप्रिल, शनिवार
रघ्याला बोलावलं. गावातल्या विहिरी तोच उपसतो. म्हटलं, माझी उपसायची. तो माझ्याकडे बघत राहिला. गेली दहा वर्षं दर उन्हाळ्यात विचारतो आणि शिव्या खाऊन जातो.

"काकी, बरी आहेस ना?"

"तुला काम हवं की नको?"

म्हणाला, मेच्या पहिल्या आठवड्यात पाणी अजून खाली जाईल, तेव्हा येतो. पंप आणि दोन गडी. गाळ किती असेल सांगता येत नाही म्हणाला. मी म्हटलं, बराच असेल. थोडा मीच घातलाय. तो हसला. सध्या मी खरं बोलले की सगळे हसतात.

२३ एप्रिल
सु.चा पाय वरच्या वाटेवर मुरगळला, असं दूधवाल्याकडून कळलं. कळशी फुटली नाही, पितळेची आहे. पायाचं विचारलं तर म्हणाला, लंगडते.

माझ्या विहिरीपासून तिचं दार पन्नास पावलं.

संध्याकाळी एक कळशी भरून तिच्या गडग्यावर ठेवून आले. माझे पन्नास पावलांत तीन थांबे झाले.

२४ एप्रिल
कळशी परत आमच्या गडग्यावर. भरलेली. तेच पाणी. सांडलंसुद्धा नाही बाईने.

२५ एप्रिल
परत ठेवली.

२६ एप्रिल
परत आली. रिकामी.

तिने ती प्यायली की ओतली, कळायला मार्ग नाही. पण रिकामी.

३० एप्रिल, गुरुवार
दि.चा फोन. परवा विहीर काढतेस असं कळलं, म्हणाला. रघ्याने त्याला विचारलं असणार, म्हातारीचं डोकं ठिकाणावर आहे का म्हणून. परवा नाही, मंगळवारी, म्हटलं.

म्हणाला, उपसताना व्हिडिओ कॉल कर. टोप निघाला तर मी सांगेन लोकांना. शपथ.

"आणि नाही निघाला तर?"

अडखळला. हा माणूस हजार लोकांपुढे न अडखळता बोलतो. मग म्हणाला, "मग काय सांगायचं, आई?"

मी म्हटलं, कॉल नाही करणार. विहीर तुझ्यासाठी काढत नाही.

फोन ठेवल्यावर वाईट वाटलं. त्यालाही बाप एकच होता. आठव्या वर्षापासून एक गोष्ट धरून बसला, ती मी पन्नाशीत काढून घेतली. पण सुलूकडे तर तेवढीही गोष्ट नाही.

आणि एक कळलं. टोप निघाल्यावर सांगितलं तर मी नाही सांगितलं, टोपाने सांगितलं.

४ मे, सोमवार
उद्या. गड्यांसाठी तांदूळ निवडून ठेवले. कुळथाची पिठी करीन.

५ मे, मंगळवार
दुपारी तीनला गडी जेवतायत तोवर लिहिते.

सात वाजता पंप लागला. पाणी परसवातून केळींना सोडलं. पंपाचा आवाज सगळ्या वाडीत. नऊ वाजता सु. तिच्या गडग्यापाशी दिसली. दहा वाजता इकडच्या बाजूला. मग लंगडत आली आणि विहिरीच्या काठाच्या चिऱ्यावर बसली. मी उभीच.

पाणी संपलं तेव्हा खाली काळा गाळ. रघ्या दोर धरून उतरला. गाळ कमरेएवढा, खालून ओरडला. टोपल्या वर यायला लागल्या. रहाटाची जुनी कप्पी. दिनूचा रबरी चेंडू, अजून गोल. एक तांब्या, माझाच, त्याच्यासाठी सासूने मला महिनाभर ऐकवलं होतं. सु.ने तो बघितला आणि तिच्या तोंडावर जरासं हसू आलं असं मला वाटलं. नक्की सांगत नाही.

टोप नाही.

अकरा टोपल्या झाल्या. मी तिच्या शेजारी बसले. बसताना गुडघा कडकडला, तिने हात पुढे केला आणि मागे घेतला. सवयीने केला असेल.

मी सांगितलं. गणपतभावजींनी टोप घेतला नाही, आमच्या ह्यांनी या विहिरीत टाकला, मी तापात होते पण आवाज ऐकून दारात आले, नंतर काठ दिसला तेव्हा माती घातली. किल्ली भावजींनी दिली होती ती खरी गोष्ट होती. सगळं सांगितलं. एकही गोष्ट माझ्या बाजूने फिरवली नाही. रघ्याचे गडी ऐकत होते. ऐकू देत, मी आवाज खाली केला नाही.

ती विहिरीत बघत होती.

"आणि नाय सापडला तर?" म्हणाली.

"तरी हेच."

एवढंच. एकदा पदर तोंडाला लावला. मला वाटलं आता उठून जाईल. मी पाण्याच्या वाटेकडे बघत राहिले, तिच्याकडे बघायची छाती झाली नाही. एवढी वर्षं तिने हे पाणी प्यायलं. पोरांना पाजलं. नवऱ्याला मरताना पाजलं ते पण इथलंच.

मग म्हणाली, "मी व्हय व्हय म्हणायची त्यांना." माझ्याशी नाही बोलली. खाली बोलली, गाळाला.

गड्यांना वाढलं. सु.ला पान वाढलं, तिने नको म्हटलं. पण गेली नाही. अजून तिथेच चिऱ्यावर बसली आहे, मला इथून पाठ दिसते.

फोन दोनदा वाजला. दि. घेतला नाही. बघेल वाट थोडी.

रघ्या हात धुऊन परत उतरला. म्हणतो अजून हातभर गाळ आहे, मधोमध काहीतरी कठीण लागतंय. दगडही असेल. विहिरीत दगड कमी नसतात.

चार वाजत आले. रघ्या, त्याचे दोन गडी आणि मी, चार कप. चहा ठेवला आहे. पाचवा कप काढून पुसून ठेवलाय.

भरला नाही अजून. दारातून सुलूला विचारायचं आहे.